पडद्यावरची लढाई आणि चौकटीबाहेरची माणसं

मंडळी, मूकपट म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर चॅप्लिनची काठी आणि मिशी येते, नाहीतर दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र'. पण त्याच्या कितीतरी आधी, सिनेमा अगदी पाळण्यात होता तेव्हाच, त्याला लढाईवर नेण्यात आलं होतं. गेले काही महिने मी या जुन्या फितींच्या नादी लागले आहे. हल्ली त्या इंटरनेटवर घरबसल्या बघायला मिळतात. एकेक फीत अर्ध्या-एक मिनिटाची. चहा निवायच्या आत बघून होते, पण डोक्यातून दोन-दोन दिवस जात नाही. आयुष्यभर मुलांना इतिहास शिकवला, त्यामुळे जित्याची खोड काही जात नाही. चित्र दिसलं की पहिला प्रश्न मनात येतो, "हे काढलं कोणी? आणि कोणासाठी?"

आधी थोडा काळाचा हिशेब मांडू. ल्युमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये पैसे घेऊन पहिला खेळ केला तो २८ डिसेंबर १८९५ ला. मुंबईत वॉटसन हॉटेलात तो आला ७ जुलै १८९६ ला. आणि नेमकी हीच वर्षं साम्राज्यांच्या लढायांची. १८९८ मध्ये इंग्रज सुदानमध्ये, १८९९ मध्ये अमेरिकन फिलिपिन्समध्ये, त्याच वर्षी इंग्रज दक्षिण आफ्रिकेत, आणि १९०० मध्ये सगळी बडी राष्ट्रं मिळून चीनमध्ये. नवं यंत्र हाताशी, वर्तमानपत्रं वाचून तापलेले लोक, आणि रोज नवा खेळ लावायची घाई असलेले थिएटरवाले. या तिघांची गाठ पडणारच होती.

फ्रेडरिक विलियर्स नावाचा एक नामांकित इंग्रज युद्धवार्ताहर होता. १८९७ मध्ये ग्रीस आणि तुर्कस्तानचं युद्ध झालं, तेव्हा तो सिनेमाचा कॅमेरा घेऊन तिथे गेला. जिवावर उदार होऊन चित्रं घेऊन आला. परत येऊन बघतो तो काय, लोकांनी ते युद्ध आधीच पडद्यावर पाहिलेलं! फ्रान्समध्ये जॉर्ज मेलिएस याने पॅरिसजवळच्या आपल्या जागेत पडदे रंगवून ग्रीसची लढाई कधीच उभी केली होती. बनावट चित्रांत माणसं कशी छान धावत होती, पडत होती. विलियर्सच्या खऱ्या चित्रांना मग कोण विचारतो? हे त्याने पुढे आपल्या आठवणींत लिहून ठेवलं आहे. सिनेमातल्या लढाईचा पुढचा सगळा इतिहास मला या एका प्रसंगात दिसतो.

आता बोअर युद्धाकडे येऊ. हे नाव आपल्या पाठ्यपुस्तकात एका ओळीत येऊन जायचं, म्हणून दोन शब्द सांगते. दक्षिण आफ्रिकेत डच वंशाचे शेतकरी राहत, ते बोअर. त्यांची ट्रान्सवाल आणि ऑरेंज फ्री स्टेट अशी दोन स्वतंत्र राज्यं होती. ट्रान्सवालमध्ये १८८६ मध्ये सोन्याची मोठी खाण सापडली आणि तिथून इंग्रजांशी कुरबुरी वाढत गेल्या. ११ ऑक्टोबर १८९९ ला युद्ध सुरू झालं आणि ३१ मे १९०२ च्या तहाने संपलं. सेनापती सर रेडव्हर्स बुलर ज्या 'डनॉटर कॅसल' बोटीने १४ ऑक्टोबरला निघाला, त्याच बोटीवर 'मॉर्निंग पोस्ट'चा चोवीस वर्षांचा वार्ताहर विन्स्टन चर्चिल होता, आणि विल्यम केनेडी लॉरी डिक्सनही होता. डिक्सन म्हणजे साधा माणूस नव्हे. एडिसनच्या कारखान्यात ज्याने चलच्चित्रांचा कॅमेरा प्रत्यक्षात आणला, तोच हा. आता तो बायोग्राफ कंपनीसाठी युद्ध टिपायला निघाला होता.

त्याचा कॅमेरा म्हणजे एक प्रकरणच होतं. इतरांची फीत ३५ मिलिमीटर रुंद, तर याची जवळजवळ दुप्पट. चित्र मोठं आणि स्वच्छ येई, पण यंत्र चालायला विजेच्या बॅटऱ्या लागत आणि तो सगळा पसारा गाडीत घालून जनावरांकडून ओढून न्यावा लागे. असा लवाजमा घेऊन तो नाताळ प्रांतात सैन्याच्या मागे मागे फिरला. आणि मग त्याची खरी अडचण सुरू झाली. लढाई दिसेचना!

याचं कारण मोठं बोलकं आहे. पूर्वीच्या लढाईत लाल डगले, निशाणं, धुराचे लोट, समोरासमोर उभ्या रांगा असत. बोअरांकडे माउझर बंदुका होत्या आणि त्यात धूर न होणारी दारू. खंदकात बसून ते मैलभरावरून नेम धरत. इंग्रज शिपाईही आता खाकी कपड्यांत, म्हणजे तेही मातीत मिसळलेले. १५ डिसेंबर १८९९ ला कोलेन्सोच्या लढाईत इंग्रजांचे मेलेले, जखमी आणि पकडलेले मिळून सुमारे अकराशे माणसं गेली, बोअरांचं नुकसान पन्नासाच्या आत. आणि त्या अकराशेंतल्या कितीतरी जणांना शेवटपर्यंत शत्रूचं तोंडही दिसलं नव्हतं. जिथे शिपायाला शत्रू दिसत नाही, तिथे गाडीवरच्या कॅमेऱ्याला काय दिसणार? मग डिक्सनने जे दिसलं ते टिपलं. बोटीवरच्या गमतीजमती, आरमाराच्या लांब नळीच्या तोफा डागणारे खलाशी, चालणाऱ्या पलटणी, नदी ओलांडणाऱ्या गाड्या. थोडक्यात, लढाईच्या आधीचं आणि नंतरचं सगळं. मधली लढाई तेवढी नाही.

इकडे लंडनमध्ये लोक वाट बघत होते. बोटीने फिती यायला अडीच-तीन आठवडे लागत. आल्या की थिएटरात बॅंडच्या तालावर दाखवत, इंग्रज सेनापती दिसले की टाळ्या, बोअरांचा अध्यक्ष क्रुगर दिसला की हुर्यो. पण पैसे देऊन लढाई बघायला आलेल्या माणसाला नुसत्या बैलगाड्या किती वेळ दाखवणार? ही मागणी पुरी करायला घरबसले सेनापती पुढे सरसावले.

रॉबर्ट पॉल हा इंग्लंडमधला पहिल्या फळीतला चित्रपटकार. त्याने लंडनच्या मसवेल हिल भागातल्या गोल्फच्या मैदानावर बोअर युद्ध उभं केलं. मेफकिंगवरचा तोफमारा, रणांगणावरच्या परिचारिका, चिलखती आगगाडीचा नाश, हेराला गोळी घालणं, असे एकेक प्रसंग. पॉलचं एक मला आवडतं. या प्रतिकृती आहेत असं त्याने आपल्या जाहिरातीत सरळ म्हटलं होतं. पण जाहिरात थिएटरवाल्याने वाचायची. बाकावर बसलेल्या गिरणी कामगाराला ते कोण सांगणार? लँकशायरमधल्या ब्लॅकबर्न गावी मिचेल आणि केन्यन या जोडगोळीने गावाबाहेरच्या माळावर अशाच लढाया रचल्या. इंग्रज शिपाई धीरोदात्त, बोअर मात्र दाढीवाला, मोठ्या हॅटचा, पाठीमागून वार करणारा. रेडक्रॉसच्या तंबूवर हल्ला हा तर या बनावट चित्रांचा आवडता प्रसंग. १९९४ मध्ये ब्लॅकबर्नच्या एका जुन्या दुकानाच्या तळघरात पिंपांत बंद करून ठेवलेल्या त्यांच्या आठशेवर मूळ फिती सापडल्या, म्हणून आज आपल्याला हे नीट बघता येतं. मी बघितल्या. आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात मुलं तलवारी घेऊन पडत, तसेच ते पडतात. गोळी लागली की दोन्ही हात वर, एक गिरकी, आणि मग सावकाश जमिनीवर!

हसू येतं खरं. पण हसून झाल्यावर मी स्वतःला विचारलं, या दोन्हींत इतिहासाचा पुरावा कुठला? डिक्सनची फीत खरी आणि ब्लॅकबर्नची खोटी, असं म्हणून मोकळं होता येतं. मला ते पुरेसं वाटत नाही. ब्लॅकबर्नची फीत आफ्रिकेबद्दल खोटं बोलते, पण ब्लॅकबर्नबद्दल अगदी खरं बोलते. त्या लोकांना युद्ध कसं असावंसं वाटत होतं, शत्रू कसा असावा, आपला शिपाई कसा मरावा, ते सगळं त्यात आहे. क्लाइव्हला दिवाणीची सनद देणारा शाह आलम आपल्याला पाठ्यपुस्तकात ज्या भव्य चित्रात दिसतो, ते बेंजामिन वेस्ट या चित्रकाराचं. तो कधी हिंदुस्थानात आलाच नव्हता. १७६५ मध्ये प्रत्यक्षात क्लाइव्हच्या तंबूत जेवणाच्या टेबलावर खुर्ची ठेवून बादशहाचं सिंहासन केलं होतं. ते चित्र अलाहाबादविषयी फारसं सांगत नाही, लंडनविषयी भरपूर सांगतं. तसंच हे.

आणि खऱ्या फितीचं काय? ती खोटं बोलत नाही, पण चौकटीबाहेरचं सांगतही नाही. इथे माझ्या एका पुतण्याचा प्रश्न आठवला. तो बरीच वर्षं इंग्लंडला असतो. त्याने डिक्सनची स्पियन कॉपच्या लढाईची फीत मला पाठवली आणि विचारलं, "काकू, यात गांधीजी आहेत म्हणतात, खरं का?" फितीत टुगेला नदी ओलांडणाऱ्या जखमींच्या गाड्यांची लांबलचक रांग आहे. आकृत्या इतक्या दुरून आणि धूसर दिसतात की कोणाचा चेहरा ओळखावा? पण गांधीजी त्या लढाईत होते हे मात्र पक्कं. त्यांनी उभारलेल्या भारतीय शुश्रूषा पथकात सुमारे अकराशे माणसं होती. त्यांतले तीनशेच्या आसपास स्वतंत्र व्यापारी-कारकून वगैरे, आणि आठशेच्या आसपास मळ्यांवरचे गिरमिटिये मजूर. डोली खांद्यावर घेऊन हे लोक दिवसाला वीस-पंचवीस मैल चालले. गांधीजींची मनातली सहानुभूती खरं तर बोअरांकडे होती, तसं त्यांनीच आत्मचरित्रात लिहिलं आहे. पण ब्रिटिश प्रजा म्हणून हक्क मागायचे तर कर्तव्यही करायला हवं, असं त्यांना तेव्हा वाटत होतं. त्या सेवेचं पदक त्यांनी १९२० मध्ये सरकारला परत केलं. पुतण्याला मी कळवलं, "बाळा, गांधीजी शोधू नकोस. त्या आठशे गिरमिटियांपैकी एक तरी शोध. त्यांचे चेहरे कोणी टिपले?"

लेडीस्मिथचंही तेच. हे शहर बोअरांनी ११८ दिवस वेढलं होतं. २८ फेब्रुवारी १९०० ला वेढा उठला आणि सैन्य शहरात शिरतानाची चित्रं डिक्सनने घेतली. त्याच शहरात प्रभुसिंग नावाचा एक गिरमिटिया होता. समोरच्या डोंगरावर बोअरांची मोठी तोफ होती. तिच्या तोंडाशी ठिणगी दिसली की घंटा वाजवायची, म्हणजे गोळा येऊन पडेपर्यंत लोकांना आडोशाला पळता येई. स्वतः मात्र उघड्यावर बसायचं. हे त्याचं काम. लोक वाचले. विजयाची मिरवणूक पडद्यावर आली, घंटा आली नाही.

चीनची गोष्ट याहून ठळक आहे. १९०० मध्ये तिथे बॉक्सरांचं बंड झालं, पेकिंगमधल्या परदेशी वकिलातींना वेढा पडला. त्याच वर्षी इंग्लंडच्या किनाऱ्यावर होव्ह गावी जेम्स विल्यमसनने एका पडक्या बंगल्यात 'अ‍ॅटॅक ऑन अ चायना मिशन' नावाची फीत बनवली. चिनी हल्लेखोर फाटक फोडून येतात, मिशनरी मारला जातो, त्याची बायको सज्जातून रुमाल हलवते, आणि ब्रिटिश खलाशांची तुकडी धावत येऊन सोडवते. सिनेमाच्या तंत्राच्या दृष्टीने ही फीत फार महत्त्वाची मानतात. आधी एका बाजूने आणि मग उलट्या बाजूने दृश्य दाखवून गोष्ट पुढे नेणं इथे दिसतं. पण प्रत्यक्षात १४ ऑगस्ट १९०० ला पेकिंगच्या ब्रिटिश वकिलातीत सर्वांत आधी शिरले ते कोण? हिंदुस्थानी शिपाई. शीख आणि राजपूत पलटणींचे. होव्हच्या पडद्यावर त्यांना जागा नव्हती.

त्या सातव्या राजपूत पलटणीत ठाकूर गदाधर सिंह नावाचे गृहस्थ होते. त्यांनी १९०२ मध्ये 'चीन में तेरह मास' हे पुस्तक हिंदीत प्रसिद्ध केलं. लुटालूट, जाळलेली गावं, नदीतून वाहणारी प्रेतं, सगळं त्यात आहे. मुख्य म्हणजे चिनी लोकांविषयी कळवळा आहे. ज्यांच्याशी लढायला पाठवलं, तेही आपल्यासारखेच आशियातले, साहेबाच्या टाचेखाली येऊ घातलेले, ही जाणीव आहे. ज्याला सिनेमाने वगळलं, त्याने लेखणी उचलली. मंडळी, मला या माणसाचं फार कौतुक वाटतं.

अमेरिकेतही हेच चाललं होतं. एडिसनच्या कंपनीने १८९९ मध्ये फिलिपिन्सच्या कालोकानची लढाई न्यू जर्सीतच चित्रित केली. झुडपांतून फिलिपिनो बाहेर येतात, थेट आपल्यावर, म्हणजे प्रेक्षकांवर, बंदुका झाडतात आणि मागे हटतात. मग अमेरिकन शिपाई निशाण घेऊन येतात. निशाणवाला पडतो, लगेच दुसरा ते उचलून फडकावतो. फिलिपिनोंची कामं केली होती अमेरिकेतल्या काळ्या माणसांनी. देश कुठलाही असो, शत्रू गोरा नसला म्हणजे झालं, मग कोणीही चालतो!

आता सगळ्यांत जड भाग. डिक्सन १९०० च्या मध्याला इंग्लंडला परतला. राजधान्या पडल्या, युद्ध संपल्यात जमा आहे असं सर्वांना वाटत होतं. पण बोअरांनी गनिमी कावा सुरू केला (आपल्याला हा शब्द समजावून सांगायला नको). त्यावर उपाय म्हणून इंग्रजांनी त्यांची शेतं-घरं जाळली आणि बायकामुलांना छावण्यांत कोंडलं. एमिली हॉबहाउस या इंग्रज बाईंनी १९०१ मध्ये तिथे जाऊन डोळ्यांनी पाहिलं आणि मायदेशात येऊन अहवाल दिला, तेव्हा गहजब झाला. त्या छावण्यांत सुमारे २८ हजार बोअर माणसं रोगराईने आणि उपासमारीने गेली. त्यांतली बावीस हजारांच्या वर मुलं होती. काळ्या आफ्रिकनांसाठी वेगळ्या छावण्या होत्या, तिथे निदान १४ हजार मेले. त्यांची नोंदही धड ठेवली नव्हती, त्यामुळे खरा आकडा यापेक्षा मोठा असावा असं इतिहासकार मानतात. ब्लॅकबर्नच्या माळावर याच काळात बोअर पाठीमागून वार करत होता आणि लोक टाळ्या वाजवत होते. या छावण्यांची प्रतिकृती कोणी कुठल्या गोल्फच्या मैदानावर उभी केली नाही.

पण चौकट कायम एकाच्या हातात राहत नाही. १९१० मध्ये इंग्रज आणि बोअर यांनी समेट करून दक्षिण आफ्रिकेचं संघराज्य केलं. समेट गोऱ्यांचा, किंमत काळ्यांची. मग १९१६ मध्ये 'डी फूरट्रेकर्स' हा भव्य मूकपट निघाला. पंधरा वर्षांपूर्वी खलनायक असलेले बोअर आता नायक झाले. १६ डिसेंबर १८३८ ला ब्लड रिव्हरच्या काठी मूठभर बोअरांनी झुलू सैन्याचा पाडाव केला, त्याची ही कथा. झुलूंची कामं करायला सोन्याच्या खाणींतले खरेखुरे झुलू मजूर हजारोंनी आणले होते. ठरल्याप्रमाणे त्यांनी हल्ला करायचा, गोळ्यांचे बार झाले की पडायचं आणि पळायचं. पण चित्रीकरणाच्या वेळी ते थांबलेच नाहीत! थेट गाड्यांच्या कोटात घुसले. लुटुपुटूची लढाई खरी झाली, माणसं जखमी झाली, पोलिसांना मध्ये पडावं लागलं. चित्रपटात अर्थात झुलूच हरले. पण तो एक क्षण मला राहून राहून आठवतो. आयुष्यभर दुसऱ्याच्या खाणीत खपायचं, आणि वर पडद्यावर आपल्याच पूर्वजांचा पराभव पगार घेऊन पुन्हा करून दाखवायचा. त्यांच्या मनात त्या वेळी काय आलं असेल?

याच काळात आपल्याकडे काय चाललं होतं? सावेदादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली. डिसेंबर १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजचा मान मिळवून मुंबईला उतरले, त्यांचं स्वागतही सावेदादांनी टिपलं. त्याच महिन्यात तिकडे बोअर मुलं छावणीत मरत होती. कॅमेरा आपल्या हाती आल्यावर आपल्या माणसाने काय टिपावं, तर दोन पैलवान आणि गणितात साहेबाला तोडीस तोड ठरलेला एक तरुण. मला यात फार मोठा अर्थ वाटतो. आपलं चित्र आपण काढायचं, ही सुरुवात होती.

आज तर लढाई खिशातल्या फोनवर दिसते. बोट फिरवलं की पुढची. नातवंडं विचारतात, "आजी, हा व्हिडिओ खरा की खोटा?" प्रश्न चांगला आहे, पण अर्धा आहे. उरलेला अर्धा असा, की यात कोण दिसत नाही? आणि ते का दिसत नाही? दुरून डोंगर साजरे म्हणतात. कॅमेरा डोंगर जवळ आणतो, पण साजरेपणा तसाच ठेवू शकतो. एवढं लक्षात ठेवलं तरी शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच्या त्या धूसर फिती बघितल्याचं सार्थक होईल.

असो. पाल्हाळ फार झालं. जाता जाता एक विनंती. पहिल्या महायुद्धात आपल्या मराठा पलटणी मेसोपोटेमियात, कुत-अल-अमाराला लढल्या. तुमच्यापैकी कोणाच्या घरी पणजोबांचा, खापरपणजोबांचा गणवेशातला फोटो असेल, तर तो काढा आणि मागे त्यांचं नाव, गाव, पलटण लिहून ठेवा. अजून सांगणारं कोणी घरात आहे तोवर लिहा. आणि जमलं तर मलाही कळवा, वाट बघते.